चाखता चाखता पोट भरलं

प्रिय अक्का,

तू जाऊन इतकी वर्षं झाली आणि मी आता पत्र लिहायला बसलेय. हसू नकोस! चौथीपर्यंतची शाळा, अक्षर म्हणजे कोंबडीचे पाय. पण काल दवाखान्यात डॉक्टरीणबाई बोलल्या आणि तूच समोर उभी राहिलीस.

आधी गोड बातमी. माझी सून सुनंदा पुन्हा गरोदर आहे, सहावा महिना. मी सगळ्या चामराजपेटभर सांगून आले, भाजीवालीलासुद्धा! पण डॉक्टरीणबाई म्हणाल्या, "हिच्या अंगात रक्त नाही. घरात खायला मिळत नाही का?" घरात तांदळाचं पोतं आहे गं. मी मान खाली घातली. पहिल्याच बाळंतपणात तू गेलीस, तेव्हाही डॉक्टर हेच म्हणाले होते.

घरी आले तर नात चिन्नू जगाचा नकाशा रंगवत बसलेली. शाळेत भुकेवर लिहून न्यायचंय. जिथे लोक उपाशी, तिथे लाल. किती लाल होतं, अक्का! मी म्हटलं, "बिचाऱ्यांकडे पिकत नसेल."

"नाही अज्जी, सगळ्यांना पुरेल इतकं पिकतं जगात. पण कुठे लढाई असते, कुठे पाऊस दगा देतो, कुठे बाजार भरलेला असतो आणि लोकांना परवडत नाही."

खरंच की. भाव पडला की यशवंतपूरच्या बाजारात टोमॅटो पायाखाली येतात. जयनगरच्या लग्नात तर अख्खी पुरणपोळी पानात टाकून लोक हात धुवायला उठले, मी पाहिलंय.

मग चिन्नूने शेवटची ओळ वाचली, "आणि पुष्कळ घरांत बायका शेवटी जेवतात. उरलं तर."

मी म्हटलं, "रंगव तू," आणि उठले.

आई गेली तेव्हा तू अकरा वर्षांची, आणि चूल तुझ्याकडे आली. आम्हा सगळ्यांना रागीचे गोळे वाढायचीस आणि रिकाम्या पातेल्यात पळी खडखडवायचीस, म्हणजे आम्हाला वाटावं अजून आहे. मी विचारायचे, "आणि तू?" "चाखता चाखता पोट भरलं गं." रागीचा गोळा कुणी चाखतं का, अक्का? नुसतं नाचणीचं पीठ आणि पाणी. का खोटं बोललीस? आणि मी तरी का मान्य केलं? मला आणखी अर्धा गोळा हवा होता म्हणून. हे आजवर कुणाला सांगितलं नाही.

काल सगळ्यांची जेवणं झाल्यावर मी स्वयंपाकघरात डोकावले. सुनंदा ओट्याशी उभी, पातेल्याच्या कडा खरवडत होती.

"ताट कुठाय तुझं?"

"नको अत्ते, चाखता चाखता भरलं पोट."

तिला हे कुणी शिकवलं? मीच! नवी नवरी होऊन आली तेव्हा भूक लागली म्हणून सगळ्यांबरोबर जेवायला बसली होती. मी म्हटलं, "स्वल्प थांब, आमच्यात आधी गडीमाणसं." सगळे हसले. ती उठली, ती पुन्हा कधी आधी बसली नाही. तुझ्या भुकेची मी घरची रीत करून टाकली, अक्का.

आज पहिलं ताट तिला वाढलं. मुलगा म्हणाला, "अम्मा, आणि मी?"

"टोपलीत केळी आहेत. सोलता येतात ना?"

सुनंदा लाजून उठायला लागली. "बस! अजून सासू आहे मी." चिन्नू हसून लोळायची बाकी होती. सुनंदा मान खाली घालून जेवली. दोनदा भात मागून घेतला. दोनदा! एवढी भूक होती पोरीला, आणि मी रोज शेजारून ढेकर देत गेले.

थकले गं. कुठली लढाई मला थांबवता येत नाही, कुठे पाऊस पाडता येत नाही. या वयात एक पळी तेवढी हातात उरलीय. तुला शब्द देते, ती आधी रांधणारीच्या ताटात रिकामी होईल. आणि या घरात पातेलं वाजेल, ते आत काही असेल तरच.

तुझ्या वाटचा अर्धा गोळा खाल्लेली,
कमळी