शुक्रवारच्या गाण्याची नवी चाल

आय, माझ्या पोरीकडे, तुझ्या नातीकडे, कल्याणला आठ दिवस राहून आले. तिथे जे ऐकलं ते तुलाच सांगावंसं वाटतंय. ईस्टरआधीच्या उपवासाच्या दिवसांत दर शुक्रवारी मिठागरावरून परतलेली माणसं आपल्या अंगणातल्या क्रुसाभोवती बसतात आणि तू येशूच्या दुःखाचं गाणं सुरू करतेस, हे मला अजून समोर दिसतं. नव्या पाद्रीबुवांनी आपल्या बोलीतलं गाणं देवळात बंद केलं, तेव्हा तू भांडली नाहीस. "देवळात नाय तं नाय, क्रूस बाहेर हाय," एवढंच म्हणालीस आणि गात राहिलीस. एका शुक्रवारी ते स्वतः कुंपणापाशी शेवटपर्यंत ऐकत उभे राहिले.

मी सिस्टरांच्या शाळेतून शिकून आले आणि क्रुसापुढे गळा फिरवून गायले. दुसऱ्या दिवशी भाकऱ्या थापता थापता तू म्हणालीस, "तुझा गला ऐकाला कोन येत नाय. दमल्या मानसाला तुझ्याबरोबर गाता आला पायजे." मला फार लागलं होतं ते. तुझी आई हेच गाणं संथ, रडत म्हणायची. तू ते उचलून चालत्या ठेक्यात आणलंस, म्हणून मावशी सबंध उपवासात तुझ्याशी बोलली नव्हती, हे मला पुढे कळलं.

जावई रेल्वेत फिटर आहे. त्यांच्या चाळीत कोणी वसईचं, कोणी गोव्याचं. शुक्रवारी व्हरांड्यात पोरीने तुझं गाणं धरलं, शेजारच्या गोवेकराने फिडल, म्हणजे व्हायोलिन, साथीला घेतलं, आणि चाल अगदीच निराळी निघाली. आजीची चाल का मोडलीस, असं मी स्वयंपाकघरात विचारलं. कांदा चिरता चिरता ती म्हणाली, "आई, तुमच्याकडे सगळ्यांना शब्द पाठ होते. इथे नाहीत. म्हणून शेवटची ओळ मी परत परत घेते. तेवढी तरी सगळ्यांना धरता येते." माझं समाधान झालं नाही.

पुढच्या शुक्रवारी समोरच्या खोलीतली तरुण विधवा दाराशी येऊन बसली. तिचा नवरा गाडीचे डबे जोडताना गेला होता, आणि तेव्हापासून ती कोणाशी बोलत नव्हती. बायका तिच्याकडे न बघता गात राहिल्या. कितव्यांदा तरी ती ओळ आली आणि तिनेही ती धरली. आवाज फुटत होता, पण ओळ तिने शेवटपर्यंत नेली. पोरीने मग गाणं पुढे नेलंच नाही. तिच्यासाठी तीच ओळ घेत राहिली.

हे पत्र पाठवायचं कुठे? दफनभूमीत ठेवलं तर दहिवराने भिजेल, म्हणून पेटीत कपड्यांखाली ठेवते. काल घरी कोणी नव्हतं तेव्हा मी तुझी आणि पोरीची, दोन्ही चाली म्हणून पाहिल्या. आय, मला तिचीच जास्त आवडली.