सरहद्दीवरचा शिपाई आणि गाठोडेवाला

शनिवार, १ नोव्हेंबर
नातीच्या मैत्रिणींत पहिली आली ती मेहनाज. आल्या आल्या माझ्या पायाशीच बसली. श्यामला उशिरा, वर म्हणते ट्रॅफिक! राहते पलीकडच्या गल्लीत. आखातातल्या या अल हैलात कसलं ट्रॅफिक? तर ठरलं असं, येत्या शुक्रवारी आमच्या हॉलमध्ये सिनेमा. नात प्रणाली दाखवणार, वर भाषणही देणार. रशियाचा, जुना, मुका. आनंदाने मी पोहे दोनदा वाढले.

मंगळवार, ४
प्रणालीने मला आधीच दाखवला, प्रॅक्टिस म्हणून. बर्फ, सरहद्द, शिपाई, त्याचा कुत्रा. गाठोडं घेऊन एक गरीब म्हातारा येतो. गावची म्हातारी त्याला भाकर देते. आणि तोच निघतो हेर! मला रडूच आलं. प्रणाली म्हणाली, तेव्हा तिकडे असे सिनेमे खूप निघायचे, शिपायाबरोबर सगळं गाव पहारा द्यायचं. पण शेवट कुणाला सांगू नकोस हं आजी. सिनेमा संपला की ती विचारणार, संशय कुणाचा आला? त्यावरच सगळं भाषण. पोरीचा पहिलाच कार्यक्रम. म्हटलं, माझ्या पोटात गेलं की खलास.

शुक्रवार, ७, दुपार
मी दारात. सरबत द्यायचं, एवढंच. बोलायचं नाही.

शनिवार, ८
तसं मी काही सांगितलं नाही. श्यामलाला फक्त म्हटलं, गाठोडेवाल्यावर दया करू नकोस, मी केली नि फसले. मेहनाजला हिंदीत, वो बूढ़ा गरीब नहीं है बेटी. मग बाकीच्या पोरींना न सांगणं बरं दिसलं असतं का?
प्रणालीने विचारलं, संशय कुणाचा? सगळ्या एकदम, गाठोडेवाला! कधीपासून? मेहनाज म्हणाली, सरबत के टाइम से. सगळ्या हसल्या. प्रणालीने हातातले कागद पालथे घातले. भाषण झालंच नाही.
आज सकाळी तिच्या आवडीचा शिरा केला. तिने खाल्ला नाही. म्हणाली, आजी, तू सरहद्दीवर असतीस तर शिपाई कुठे उभाय ते हेरालाच सांगितलं असतंस.
खरंय. भुकेला असता तर सांगितलंच असतं.

रविवार, ९
आता ठरलं. पुढच्या वेळी तोंडात लवंग धरून बसणार. प्रणालीला तसं सांगितलं, ती हं म्हणाली. म्हणजे राग गेला.
संध्याकाळी मुलगा धम्मदीप म्हणाला, आई, एकवीस तारखेला तुला तिकडे सूर गावी नेतो, स्वप्निलकडे. धाकट्याची आठवण काढतेस ना? किती माया पोराची! प्रणालीने तर माझी बॅग आजच भरली, स्वतःच्या हाताने.
मेहनाजचा फोन होता. मुली परत येणार आहेत, पुढच्या सिनेमाला. विसरायला नको म्हणून लिहून ठेवते, शुक्रवार, एकवीस.