बंदोबस्तातली भिंत

चालकुडी, ६ फेब्रुवारी १९९६

चि. लोनप्पनास अनेक आशीर्वाद, वि. वि.

एर्नाकुलमच्या कोर्टात आपल्या बाजूनं निकाल लागला. शेजारच्या पौलोसला मागची गल्ली आहे, आपल्या अंगणातून जाण्याचा हक्क नाही. आपण भिंत घालावी आणि ती पुरी होईपर्यंत पोलिसांनी संरक्षण द्यावं, असा हुकूम. तू भिलाईत पेढे वाटशील. मी दार लावून झोपले.

काल काम सुरू झालं. पौलोस पायासाठी खणलेल्या चरात आडवा पडला, म्हणाला पहिला दगड माझ्या छातीवर ठेवा. चार शिपायांनी त्याला उचलून बाहेर ठेवला. जाताना त्यानं विचारलं, चेची आता चर्चमध्ये पापं कबूल करायला, कुंपसारालाही फौजदार घेऊन जाणार का. शिपाई हसले. मला हसू आलं नाही. त्याची आई कुंजण्णम्मा दारात उभी होती. आपली आई, अम्मच्ची, अंथरुणाला खिळली तेव्हा तुला हिनंच भरवलं, आठवतं?

एक हवालदार आणि एक महिला शिपाई कालपासून व्हरांड्यात बसतात. बिचाऱ्यांना कप्प्याचा उकडलेला कंद आणि मासळीची आमटी देते. सुनेला, मुलांना आशीर्वाद. माया आटू देऊ नकोस.

तुझी थोरली बहीण, त्रेस्या चेची

भिलाई, १५ फेब्रुवारी

ती. चेचीस शि. सा. न. वि. वि.

पत्र पोचलं. तू पोलिसांना असं जेवू घातलंस तर भिंत ईस्टरपर्यंत संपायची नाही, त्यांनाच ती संपू नये असं वाटेल. थट्टा राहू दे. निवृत्तीनंतर मला त्याच जागेत घर बांधायचंय, म्हणून सांगतो, काम एक दिवसही थांबवू नकोस. वकील म्हणाले, आपणच काम थांबवलं तर पोलीस पुन्हा लवकर यायचे नाहीत. पौलोस रडेल, पाया पडेल. तू पाघळशील, मला ठाऊक आहे.

तब्येत सांभाळ. आमच्यावर जीव आहेच, तो असाच असू दे.

तुझा लोनप्पन

चालकुडी, २६ फेब्रुवारी

चि. लोनप्पनास आशीर्वाद, वि. वि.

कुंजण्णम्मा गेली. शुक्रवारी, सकाळचा चहा घेता घेता.

भिंत कमरेपर्यंत आली होती. मागच्या गल्लीतून शवपेटी वळत नाही, हे कोर्टात कुणी बोललं नव्हतं. पौलोस वाट मागायला आला नाही. त्याची बायको मात्र पलीकडे येऊन नुसती उभी राहिली. मी गवंड्याला मधला तुकडा पाडायला सांगितला. फौजदार आले आणि शांतपणे म्हणाले की आज काम थांबवलंत तर माणसं मी परत नेतो, पुढं निवडणुकीचा बंदोबस्त आहे, मग मला बोलावू नका. मी म्हटलं, न्या.

आमच्या व्हरांड्यातल्या हवालदारानंच टोपी काढून पेटीला खांदा दिला, माणसं कमी पडत होती. मी मागून चर्चपर्यंत गेले. पौलोसनं माझ्याकडे पाहिलं नाही.

तुला विचारलं नाही. रागावशील. रागाव. मी थकलेय रे.

त्रेस्या चेची

भिलाई, ८ मार्च

ती. चेचीस सा. न. वि. वि.

वाचून आधी रागावलो. बायकोवर ओरडलो, ती म्हणाली तुम्ही असतात तर काय केलं असतंत. भिंत राहू दे, पडू दे, तुला हवं ते कर. मी पुन्हा विचारणार नाही.

म्हातारीच्या नावानं चर्चमध्ये एक मिस्सा सांग, माझ्याकडून.

लोनप्पन

चालकुडी, ११ एप्रिल

चि. लोनप्पनास आशीर्वाद, वि. वि.

मिस्सा झाली. भिंतही झाली. घाबरू नकोस, पोलीस नव्हते. चाळिसाव्या दिवसाची प्रार्थना झाल्यावर पौलोसनं गवंड्याकरवी निरोप धाडला की चेचीला सांग, उरलेलं बांधून घे, मी आडवा येणार नाही. जिच्यासाठी वाट हवी होती ती आई गेली, म्हणाला. मी बाई निरोप घेऊन आलेल्या गवंड्यासमोरच रडले.

फौजदार परवा या बाजूला आले होते, म्हणून डोकावले. विचारत होते, आता काही त्रास? नाही म्हटलं. खरंच नाही. रोज सकाळी पौलोस अंगणात येऊन मला शिव्या द्यायचा, मी आतून उत्तर द्यायची. आता तो मागच्या गल्लीनं जातो. भिंतीपलीकडून काही ऐकू येत नाही. मी चहा घेऊन तिथं उभी राहते, आणि परत आत येते.

उन्हाळ्यात येऊन जा. घर बांधायचं नंतर बघू, आधी नुसता ये. आठवण काढत राहा.

तुझी चेची