अब्बांच्या डाव्या हाताची बोटं

खैतान, कुवेत
१४ नोव्हेंबर २०२५

प्यारी शरीफा फुफी,

अस्सलाम वालेकुम. तुझे गुडघे कसे आहेत? इथे हवा आता उतरलीय, एसी बंद करून झोपतो. कोलंबीचं लोणचं पोचलं. अर्धी बरणी कुणी संपवली ते विचारू नकोस. माझ्या अलिनाचं साकिबशी लग्न ठरलं, ते तुला सांगितलंच.

तू दर फोनला विचारतेस, अब्बा शेवटी काही बोलले का? मी म्हणते, नाही, झोपेतच गेले. ते खरंच आहे. पण त्याआधीचं फोनवर माझ्या तोंडातून निघत नाही, म्हणून लिहितेय.

ते जायच्या अठरा दिवस आधी साकिबचे आईवडील पहिल्यांदा घरी आले होते. फार दीनदार, नमाजी माणसं; गाणंबजावणं त्यांना चालायचं नाही, असं मीच धरून चाललेले. मी आदल्या दिवसापासून धास्तावलेली. बिर्याणी वाढते तोच फोन. हात तुपाचे, म्हणून स्पीकरवर घेतला. मुंबईहून कुणी आलोक बोलत होते. त्रेसष्ट साली हॉटेलात वाजवणाऱ्या चार पोरांनी रॉक अँड रोलचा एक तवा, म्हणजे रेकॉर्ड, काढला होता, तो ते पुन्हा काढतायत. त्यावर गिटार वाजवणारे साबीर तुमच्याकडेच का? तेव्हा त्यांचं नाव छापलं नव्हतं, आता छापायचंय.

मला सगळं ठाऊक होतं, फुफी. तुझ्या अब्बांनी माझ्या अब्बांची गिटार मोडायला काढली तेव्हा तू ती भाताच्या कणगीत लपवलीस, हे तूच मला हसत हसत सांगितलेलं. तरी मी म्हटलं, "राँग नंबर. माझे अब्बा शिंपी आहेत. त्यांनी आयुष्यात गिटारला हात लावला नाही."

अब्बा समोरच बसले होते. मान खाली घालून जेवत राहिले. पाहुणे गेल्यावर मी तोंड उघडायच्या आत म्हणाले, "बरोबर बोललीस, बाय."

अब्बा गेले तेव्हा त्यांना गुसल, शेवटची आंघोळ, देऊन रेहान बाहेर आला तो रडतच. म्हणाला, आपा, अब्बांच्या डाव्या हाताच्या बोटांना घट्टे आहेत. सुई तर ते उजव्या हातात धरायचे. चौथ्या दिवशी अब्बांचं दुकान उघडलं. अरबांच्या दिशदाशांचं, त्या लांब झग्यांचं, पांढरं कापड असतं ना, त्या ताग्यांमागे गिटार उभी. तारा नव्या. दर जुम्म्याला दुपारी मशीनला तेल घालायला म्हणून जायचे, ते हे. चाळीस वर्षं कुठल्या मशीनला एवढं तेल लागतं? मी मेलीने कधी विचारलं नाही. त्या फोननंतरच्या दोन जुम्म्यांना मात्र ते गेलेच नाहीत. म्हणाले, मशीन आता ठीक आहे.

साकिबची आई मातमपुर्सीला, सांत्वन करायला आली, तिने गिटार पाहिली. म्हणाली, अगोदर सांगायचं होतंत, आम्ही ऐकली असती. मी न्हाणीघरात जाऊन नळ सोडला आणि रडले.

काल आलोकना फोन लावला. कव्हर छापून झालंय. गायकाचं नाव आहे, ड्रमवाल्याचं आहे. गिटारपुढे लिहिलंय, 'माहीत नाही'.

एक तवा ते तुझ्या पत्त्यावर पाठवतायत. त्यावर पेनने अब्बांचं नाव लिही. तू लिही, माझा हात धजत नाही. आणि दुकानात सापडलेली ही गिटार कणगीतून काढून त्यांना तूच दिली होतीस ना? एवढं कळव.

गिटारवाल्या साबीरची लेक,
मुनिरा