झाकलेली विहीर

बाबा, तुमच्या बागेतली जमीन पुन्हा खचली. चिखलीतल्या आपल्या कॉलनीची ही बाग तुम्ही माळी म्हणून जन्मभर सांभाळली, तेव्हा कोणता कोपरा हे तुम्हाला सांगायला नको. तिथला घायपात मीच काढायला लावला. आता तिथं रंगीत फरशा आहेत, घसरगुंडी आहे, दोन झोके आहेत. झोक्याखाली परातीएवढा खळगा पडला. मिस्त्री आला, मुरूम टाकून ठोकून गेला. या वर्षात तिसऱ्यांदा.

अजून डोळ्यांपुढे आहे, मी नऊ-दहा वर्षांची आहे. घायपाताच्या आत भातुकली मांडून बसलेय आणि तुम्ही हातातला पाइप टाकून धावत येताय. आयुष्यात एकदाच मारलंत मला. "ऊठ तिथून! काऊन गेली आत? काटे दिसत नाहीत तुले?" मी रडून घर डोक्यावर घेतलं. संध्याकाळी आई भाकरी थापत होती, तेव्हा चुलीपाशी तुम्ही हळूच सांगितलंत. बागेच्या आधी तिथं मळा होता, मळ्यात विहीर. प्लॉट पडले तेव्हा म्हातारे मालक हात जोडून म्हणाले, जित्या पाण्याची विहीर बुजवू नका, निर्वंश होतो. मग बाभळीच्या बल्ल्या आडव्या टाकल्या, वर पत्रे, वर माती. "म्या सोताच्या हातानं टाकली," तुम्ही म्हणालात. "भरली नाही, झाकली हाय. कोणाले सांगू नको, लोक भेतीन." दर दिवाळीआधी तुम्ही तिथं दोन टोपले माती का टाकत होतात, ते मला तेव्हा कळलं.

कॉलनीच्या कमिटीत घायपात काढून झोके बसवायचा ठराव मांडताना हे विसरले होते म्हणू का? नाही बाबा, आठवत होतं. वाटलं, इतक्या वर्षांत आटली असेल, माती बसली असेल. काटा पोरांच्या डोळ्यात जाईल म्हणून मीच तावातावानं भांडले. उद्घाटनाचा नारळही माझ्याच हातून फुटला. काल सकाळी कोणी नसताना फरशीच्या फटीशी वाकले, तर आतून पाण्याचा गार वास आला. आटलेली नाही ती.

परतताना शेजारीण भेटली. "ताई, तुमच्यामुळं पोरं घराबाहेर निघून राह्यले हो!" मी हसले. "हाव," म्हणाले.

सांगायला पाहिजे, कळतं मला. पण सांगितलं तर झाकली कोणी हे निघेल, मेलेल्या माणसाला बट्टा लागेल, अशी मी मनाची समजूत घालते. खोटं आहे ते. माझं नाव जाईल म्हणून मी गप्प आहे. तुमचा पत्ता असता तरी हे पत्र मी टाकलं नसतं.

आत्ता गॅलरीतून दिसतंय, झोक्यापाशी पोरांची रांग लागलीय. आमची नात तेवढी त्यात नाही. तिला मी पंधरा दिवस झाले सांगतेय, साखळी गंजली आहे बाई, आपण घरीच खेळू.