पडद्यामागची खुर्ची

९ जाने.
दोरी तिसऱ्यांदा सुटली. शेवटी प्रोजेक्टरचा पडदा सभागृहाच्या खिडकीच्या गजाला बांधला.
रेखाला मी दहावीला मराठी शिकवलं. आता पुण्यात ती दुसऱ्या ताऱ्यांभोवतीचे ग्रह शोधते. परवा शाळेत तिचं व्याख्यान. तिला परदेशी दोन वर्षांचं काम मिळतंय. वडील, सुकदेवनाना, अडून आहेत. "पोर काय करस ते आधी माले समजू द्या सर. मंग हो-नाही."
व्याख्यानात काय दाखवणार ते सांगताना रेखाने टॉर्चपुढून हरभऱ्याचा दाणा नेला. "ग्रह दिसत नाही, सर. तारा किंचित मंदावतो. ठरल्या वेळी पुन्हा मंदावतो. त्यावरून ओळखायचं."
कित्येक वर्षांनी मला कोणी काही शिकवलं.

१० जाने.
संस्थेच्या अध्यक्षांकडे. सत्कारांची यादी: एकोणीस. "एकाला शाल दिली की दुसऱ्याचं तोंड फुगतं, सर." रेखाच्या सन्मानपत्रात 'आकाशकन्या' लिहा म्हणाले.
असले शब्द तीस वर्षं मुलांच्या निबंधांतून खोडले. लिहिला. शिसारी.

११ जाने.
समईच्या वाती दोनदा विझल्या. शाली. एकाचा फोटो हुकला. शाल काढून पुन्हा पांघरली. नारळ ठेवायला जागा नाही म्हणून प्रोजेक्टरच्या टेबलावर. दीड तास गेला.
मग अध्यक्षांना नाना दिसले. "वडील खाली? वर घ्या." आग्रहाने मंचावर, मानाच्या खुर्चीत. ती खुर्ची पडद्याच्या मागे.
रेखाला सात मिनिटं मिळाली. टॉर्च काढला तोच माझ्या हातात अध्यक्षांची चिठ्ठी: आवरा, चहा गार होतोय. सूत्रसंचालन माझं, माईक माझ्याकडे. आवरलं. आभारही मानले, ठसक्यात.
लोक चहाकडे धावले. नाना हातावर शाल घेऊन उभे.
"मान बठ्ठा भेटना, सर, शाल बी, खुर्ची बी. पन माले काहीच दिसनं नही."
हो की नाही, विचारायचं तोंड नव्हतं.
रेखा वायर गुंडाळत होती. "सर, तुम्हीसुद्धा."
टॉर्च पिशवीत टाकला.

१२ जाने.
सकाळी साडेसहा, स्टँड. पुण्याला परतायला निघालेली रेखा धुळ्याच्या गाडीत खिडकीशी. नाना रिकाम्या हाताने आले, चढले, तिच्या शेजारी बसले.
"नाना, धुळ्याला काय काम?"
"काही नही."
गाडी सुटली तेव्हा तिने टॉर्च लावला होता, दुसऱ्या हाताच्या चिमटीत हरभऱ्याचा दाणा.