आवाज येण्याआधी

३ मार्च
दादाला जाऊन आज महिना. त्याच्याच डॉक्टरीणबाईंचा फोन. "आधी वडील, मग भाऊ. दोघांनाही स्वादुपिंडाचा कर्करोग. भावाच्या रक्तात घराण्यातून आलेला दोष सापडला होता. तुम्ही आणि धाकटी बहीण, दोघांनी रक्त तपासून घ्या. दोष निघाला तर दरवर्षी पोटाची तपासणी."
म्हटलं, बाई, मी पंप दुरुस्त करतो. स्क्रू ड्रायव्हरचं टोक पंपाला, मूठ कानाला — कुठलं बेअरिंग मरतंय ते सांगतो. माझंच पोट कुरकुरलं तर कळणार नाही?
"हा अवयव कुरकुरत नाही. कुरकुरतो तेव्हा उशीर झालेला असतो."
तीस वर्षं गिऱ्हाइकांना सांगत आलो — आवाज आला की आणा! रक्त कुठे द्यायचं ते लिहून घेतलं.

५ मार्च
धाकटीला सांगितलं. "मला काही होत नाहीये, भाऊ! उगाच खाजवून खरूज कशाला?"
बरं. आधी मी जातो. मग बघू कशी येत नाहीस ते.

९ मार्च
रक्त दिलं. निकालाला तीन आठवडे. नर्सला म्हटलं, माझ्याकडे पंप दोन दिवसांत मिळतो!

३० मार्च
फोनवर निकाल. दोष नाही! बायको रडली. मी दोनदा जेवलो.
धाकटी म्हणाली, "तू सुटलास म्हणजे मीही सुटले. एकाच आईबापाची आपण!"
मलाही पटलं, गाढवाला. सहज बाईंना विचारलं. त्या तडकल्या — "भावाचा निकाल बहिणीला चालत नाही! तिचं तिनंच तपासायचं."

२ एप्रिल
धाकटीकडे गेलो. ती शिवणयंत्रावर. मी बोलतोय, ती यंत्र पळवतेय — म्हणजे तिला माझं ऐकू येऊ नये!
"नको रे. ते समोर बसवतात, पाण्याचा ग्लास पुढे करतात, मग सांगतात. कोण बसणार तिथे?"
माझे कान टवकारले. मला तर फोनवर सांगितलं. ग्लास कुठला?
"कधी गेली होतीस?"
यंत्र थांबलं.
"नोव्हेंबरात. दादाचे कागद वाचून दुसऱ्याच दवाखान्यात गेले. दादा खाटेवर होता... त्याच्यासमोर काय बोलू? दोष आहे माझ्यात." पाच महिने निकालाचा कागद अस्तराच्या कापडाखाली! आणि पोटाची तपासणी? "दादाचं बघितलं ना. तेच ऐकायला जायचं?"
ओरडणार होतो. नाही ओरडलो. म्हटलं, दादाला कुणी आधी बघितलंच नव्हतं गं. तुला बघतील. पुढच्या शुक्रवारी आठ वाजता दारात गाडी. तू आलीस तर ठीक, नाही आलीस तर मी हॉर्न वाजवत बसेन. शेजारपाजार गोळा होईल!

१० एप्रिल
दुसऱ्या हॉर्नला आली. तोंडातून बारीक नळी घालून आतून सोनोग्राफी. आत जाताना म्हणते, "तुझ्या स्क्रू ड्रायव्हरपेक्षा बरी!" माझी बाही मात्र सोडेना.
बाहेर दोन तास बसलो. काहीच ऐकू येत नव्हतं.

१४ एप्रिल
तांदळाच्या दाण्याएवढी गाठ. अजून कुठे पसरलेली नाही, काढता येते. सोमवारी ऑपरेशन.